पहाटेची धून

मुंबईत २ ऑक्टोबर १९७२ रोजी दूरचित्रवाणी सुरू झाली. त्यापूर्वी कित्येक वर्षे घरोघरचा दिवस उजाडे तो रेडिओच्या सुरांनी. जुन्नर तालुक्यात माळशेज घाटाच्या वाटेवर मढ हे गाव आहे. अशा डोंगराळ भागातील एखाद्याच घरी रेडिओ असला, तरी पहाटे त्यातून निघणारी धून शेजाऱ्यापाजाऱ्यांच्याही कानी पडे. खाली तंबोऱ्याचा अखंड झंकार आणि त्यावर व्हायोलिनचे आर्त सूर! जाणकारांना तीत शिवरंजनी रागाची छाया दिसते. मुलांनो, ही धून लक्षावधी लोक ओळखत. परंतु ती रचणाऱ्याचे नाव फारच थोड्यांना ठाऊक होते.

त्यांचे नाव वॉल्टर कॉफमन. बोहेमियातील कार्ल्सबाद या नगरात १९०७ साली एका ज्यू कुटुंबात त्यांचा जन्म झाला. बर्लिन व प्राग येथे त्यांनी संगीताचे अध्ययन केले. १९३३ साली जर्मनीत हिटलरची सत्ता आली आणि ज्यू लोकांच्या छळास प्रारंभ झाला. पुढच्याच वर्षी कॉफमन बोटीने मुंबईस आले.

भारतीय संगीताच्या तबकड्या त्यांनी प्रथम ऐकल्या, तेव्हा त्यांना त्यातले काहीच उमगले नाही. ते सूर त्यांना अगदी परके वाटले. दुसरा एखादा त्या संगीतालाच नावे ठेवून मोकळा झाला असता. कॉफमन यांनी मात्र निराळा विचार केला. जे संगीत कोट्यवधी माणसांना प्रिय आहे, ते अर्थहीन कसे असेल? उणीव संगीतात नसून आपल्या ठायी आहे. तेव्हा ते जेथे जन्मले, तेथेच राहून ते शिकले पाहिजे, असे त्यांनी ठरविले.

मुंबईत ते सुमारे बारा वर्षे राहिले. तेथे त्यांनी पाश्चात्त्य संगीताच्या मैफली भरविणारी एक संस्था स्थापन केली. प्रसिद्ध संगीतसंचालक झुबिन मेहता यांचे वडील, व्हायोलिनवादक मेहली मेहता, हे या कार्यात त्यांचे सहकारी होते. आपल्या नभोवाणीस १९३६ साली 'ऑल इंडिया रेडिओ' हे नाव मिळाले. त्याच सुमारास कॉफमन यांनी ही धून रचली. पुढे नभोवाणीच्या मुंबई केंद्रावर पाश्चात्त्य संगीताचा विभागही त्यांनी सांभाळला.

१९४६ साली त्यांनी भारत सोडला. पुढे कॅनडातील विनिपेग येथे त्यांनी वाद्यवृंदाचे संचालन केले, तर अमेरिकेतील इंडियाना विद्यापीठात अध्यापन केले. परंतु भारतीय रागांचा त्यांचा अभ्यास सुटला नाही. उत्तर भारतीय रागांवरील त्यांचा मोठा ग्रंथ १९६८ साली प्रसिद्ध झाला. १९८४ साली त्यांचे निधन झाले.

जे आपणांस कळत नाही, ते टाकाऊ असे मानणे सोपे असते. कॉफमन यांनी तसे मानले असते, तर तंबोऱ्याशी व्हायोलिनची अशी जोड त्यांना सुचली नसती.

अभ्यास

१. भारतीय संगीत प्रथम ऐकल्यावर कॉफमन यांनी कोणता विचार केला?
२. या धूनमध्ये दोन देशांच्या संगीताचा मेळ कसा साधला आहे?
३. तुम्हांस प्रथम परकी वाटलेली व पुढे आवडू लागलेली एखादी गोष्ट पाच ओळींत लिहा.