गौरीफळ : सह्याद्रीतील रानरासबेरी

गौरीफळ हे गुलाबाच्या कुळातील काटेरी झुडूप होय. शास्त्रीय नाव रुबस निव्हियस. महाराष्ट्रात ते विरळ असून महाबळेश्वरच्या सुमारे १,३७० मीटर उंचीच्या पठारावर आढळते. थंड हवा, विपुल पाऊस व निचऱ्याची जमीन त्यास मानवते. जांभ्याचे पठार बीदरजवळील मैलूर परिसरातही आहे. परंतु तेथील उंची जेमतेम निम्मी, पाऊस कमी आणि उन्हाळा कडक. केवळ माती सारखी असून भागत नाही, हे यावरून ध्यानी यावे.

दांड्यांवर पांढरट थर व वाकडे काटे, पानांची खालची बाजू पांढरी आणि फुले गुलाबी, ही याची ओळख. फळ प्रथम तांबडे, पिकल्यावर काळसर जांभळे होते. तोडल्यावर गाभा झाडावरच राहून फळ आतून पोकळ निघते. पक्षी बियांचा प्रसार करतात.

या झुडपाची नवी दांडी पहिल्या वर्षी केवळ वाढते, दुसऱ्या वर्षी फळते व मग वाळते. म्हणून फळांसाठी फांद्या तोडल्यास पुढील वर्षाचा बहारही जातो. फळे हातांनी वेचावीत. वाळलेल्याच दांड्या छाटाव्यात.

महाबळेश्वर-पाचगणी परिसर २००१ साली पर्यावरणदृष्ट्या संवेदनक्षम म्हणून घोषित झाला आहे. मात्र हौसेने हे झुडूप परक्या रानात लावू नये. गालापागोस बेटांवर बाहेरून नेलेल्या याच झुडपाने स्थानिक वनस्पतींची जागा बळकावली आहे. ज्याचे रान त्यानेच राखावे, हे उत्तम.