कबुलीचे धैर्य

रणांगणात छातीवर घाव झेलणाऱ्यास आपण शूर म्हणतो. परंतु युद्ध संपून सर्वत्र विस्मृती पसरली असता, चारचौघांत उभे राहून 'हे पाप माझ्या हातून घडले' असे सांगण्यास निराळेच धैर्य लागते. जपानी सैन्यातील डॉक्टर केन युआसा यांचे चरित्र या दृष्टीने अभ्यसनीय आहे.

१९३७ साली जपानने चीनवर मोठे आक्रमण केले. चिनी जखमींच्या शुश्रूषेसाठी १९३८ साली तिकडे गेलेले सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस ९ डिसेंबर १९४२ रोजी हपै प्रांतात निवर्तले. त्यांचे वय अवघे ३२ वर्षांचे होते. त्याच १९४२ साली शेजारच्या शान्सी प्रांतातील जपानी लष्करी इस्पितळात पंचविशीतले युआसा रुजू झाले.

थोड्याच आठवड्यांत त्यांना वरिष्ठांनी शस्त्रक्रियेच्या सरावासाठी बोलाविले. समोर रुग्ण नव्हते; धडधाकट चिनी कैदी होते. सरावाच्या अखेरीस ते जिवंत राहिले नाहीत. प्रथम युआसांचे मन कचरले, तथापि हुकूम मोडण्याचे बळ त्यांच्या अंगी नव्हते. पुढे सवयीने टोचणीही बोथट झाली. त्यांच्याच सांगण्याप्रमाणे अशा कृत्यांत त्यांनी सात वेळा भाग घेतला व १४ माणसांचे प्राण गेले.

१९४५ साली जपानचा पराभव झाला. १९५१ साली चीनच्या नव्या सरकारने युआसांना अटक केली. तुरुंगात त्यांना मारल्या गेलेल्या एका कैद्याच्या आईचे पत्र मिळाले. मुलाला धरून नेल्यावर आपण कशा त्याच्या मागे धावलो, हे त्या माउलीने लिहिले होते. ज्याचे नावही विचारले नव्हते, तो कुणाचा तरी पुत्र होता, हे युआसांना तेव्हा उमगले.

१९५६ साली सुटका होऊन ते मायदेशी परतले. इस्पितळातील जुने सहकारी भेटले तेव्हा त्यांनी नवलाने विचारले, 'डॉक्टर, तुम्हांला युद्धगुन्हेगार का ठरविले?' त्या कृत्यांत तेही सहभागी होते. पण आपण काही वाईट केले, याचे त्यांना स्मरणच नव्हते! पापाची ही दुसरी पायरी होय. पहिल्या पायरीवर माणूस हुकमाआड लपतो. दुसरीवर तो स्वतःच्या स्मृतीतूनही ते कृत्य पुसून टाकतो.

युआसांनी मात्र वैद्यकी करीत असतानाच जाहीर सभांतून आपली कृत्ये सांगण्याचे व्रत घेतले. धमकीची पत्रे आली, तरी ते थांबले नाहीत. चीनमधून सुटून आलेल्या अन्य सैनिकांनीही १९५७ साली संघटना स्थापून अशाच साक्षी दिल्या. २०१० साली ९४व्या वर्षी युआसा निधन पावले.

विद्यार्थिमित्रहो, या कबुलीने ती १४ माणसे परत आली नाहीत, आणि त्या मातेचे दुःखही सरले नाही. तरीही मारेकऱ्यानेच सत्य सांगितल्यामुळे त्या मृतांना नाकारणे जगास कठीण झाले. कोटणीस व युआसा दोघांची विद्या एकच होती. ती कोणाच्या हुकमाने व कोणासाठी वापरावी, हा निर्णय ज्याचा त्यालाच करावा लागतो.

विचारार्थ प्रश्न
१. 'मला हुकूम होता' हे उत्तर कोठवर पुरते?
२. सहकाऱ्यांच्या विस्मृतीला लेखात पापाची दुसरी पायरी का म्हटले आहे?