पाच लाखांच्या कागदावर सही करण्याआधी

अगं, अपघातात घरचा माणूस गेला, त्याचं दिवसकार्य उरकून पाहुणे परत गेले की दुसरीच मंडळी दारात यायला लागतात. कुणी ओळखीच्या वकिलाचं नाव घेऊन येतो, क्लेममधले इतके टक्के त्याचे म्हणून आधीच ठरवतो. कुणी सांगतो, ट्रकवाला गरीब आहे, मिटवून टाक. त्यांना चहा पाज, गोड बोल. सही मात्र कुणालाच देऊ नकोस. आधी हिशेब समजून घे.

मोटार वाहन कायद्याच्या कलम 164 खाली, चूक कुणाची हे सिद्ध न करता, मृत्यूसाठी 5 लाख रुपये मिळतात. सुतकातल्या घराला तो आकडा मोठाच वाटतो. पण विमा कंपनीशी तडजोड करून ते पैसे घेतलेस की कलम 166 खालचा, समोरच्याची चूक दाखवून मागायचा मोठा क्लेम तिथंच संपतो. चूक आपल्याच माणसाची होती असं कागदोपत्री पक्कं असेल, तर 5 लाखांचा रस्ता बरा. चूक समोरच्याची असेल, तर मी तुला ते घेऊ देणार नाही.

का, ते आकड्यांत बघ. समज, बेळगावच्या वडगावातला मागावरचा विणकर, वय 34, महिन्याची मजुरी 15 हजार. मागे बायको, दोन पोरं आणि आई. सर्वोच्च न्यायालयाच्या 2017 च्या प्रणय सेठी निकालाप्रमाणे, पगारी नोकरी नसलेल्याचं वय चाळिशीच्या आत असेल तर पुढं वाढली असती म्हणून कमाईत 40 टक्के मिळवायचे. झाले 21 हजार. त्यातून त्याच्या स्वतःच्या खर्चाचा वाटा वजा होतो. अवलंबून असलेले चार ते सहा असतील तर चौथा हिस्सा. उरले 15,750, म्हणजे वर्षाचे 1 लाख 89 हजार. आता वयाचा गुणक. तो 2009 च्या सरला वर्मा निकालात ठरलाय. 31 ते 35 वयाला 16. गुणलंस की 30 लाख 24 हजार. अंत्यविधीचे, मालमत्तेच्या नुकसानीचे, आणि बायको, पोरं, आई यांनी माणूस गमावल्याचे पैसे वेगळे. अर्ज केल्या तारखेपासूनचं व्याजही मागता येतं. कुठं 5 लाख आणि कुठं हे!

सगळी मेख त्या 15 हजारांत आहे. विमा कंपनीचा वकील पहिल्यांदा तेच विचारणार: पगाराची स्लिप कुठाय? पॉवरलूमवर आठवड्याच्या आठवड्याला हातात पैसे घेणाऱ्याकडं स्लिप कुठली असायला! म्हणून मालकाची हिशेबाची वही, बँकेचं पासबुक, बचत गटाच्या कर्जाचे हप्ते, पोरांच्या फीच्या पावत्या, जे सापडेल ते जपून ठेव. मालक साक्षीला आला तर सोन्याहून पिवळं. काहीच नसेल तर न्यायालय अंदाजानं कमाई धरतं. त्यासाठी कर्नाटकात राज्य विधी सेवा प्राधिकरणाचा वर्षवार तक्ता वापरतात. वयासाठी शाळेचा दाखला काढ. 35 की 36 यात गुणक 16 वरून 15 वर येतो, म्हणजे एका वर्षाची कमाई गेली.

आणि गेलेली घरातली बाईच असेल तर? ती काही कमवत नव्हती, असं तिचा नवरासुद्धा सांगून मोकळा होतो. मला याचा फार राग येतो. गृहिणीच्या कामाची किंमत धरायचीच, आणि तिच्याही बाबतीत पुढची वाढ मोजायची, हे सर्वोच्च न्यायालयानं 2021 साली स्पष्ट केलंय.

आपल्याकडं कर्नाटक-महाराष्ट्र सीमेचा घोळ असतोच. अपघात तवंदी घाटात झाला की कागल ओलांडून कोल्हापूरकडं, याची धास्ती घेऊ नकोस. तू राहतेस त्या भागातल्या न्यायाधिकरणात क्लेम टाकता येतो, म्हणजे बेळगावातच. अपील झालं तर ते कर्नाटक उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठापुढं जातं. कर्नाटकातल्या पोलिसांचे कागद कन्नडमध्ये असतात, म्हणून फिर्याद देणाऱ्यानं सही करण्याआधी ती शब्दन्‌शब्द वाचून घ्यावी. चूक कुणाची, याची पहिली नोंद तिथंच होते. फिर्याद, पंचनामा, शवविच्छेदनाचा अहवाल यांच्या नकला घे.

वकिलाला पैसे नाहीत म्हणून अडू नकोस. बाईला उत्पन्नाची अट न लावता सरकारी खर्चानं वकील मिळतो. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात अर्ज कर.

सासूबाईंचा वाटा निघेल, त्यावरून भांडू नकोस. त्यांचाही लेक गेलाय. पोरांच्या नावानं न्यायालय मुदत ठेव करतं, तीही मोडायच्या मागं लागू नकोस. उद्या तू दुसरं लग्न केलंस म्हणून हक्क जाईल, अशी भीती कुणी घातली तर ऐकू नकोस. पुनर्विवाहामुळं भरपाई नाकारता येत नाही, असं मुंबई उच्च न्यायालयानं 2023 मध्ये म्हटलंय.

फक्त वेळ घालवू नकोस. 1 एप्रिल 2022 पासून अपघातानंतर सहा महिन्यांत अर्ज करायची अट आहे. तिला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलंय, पण दुसऱ्याच्या खटल्यावर भरवसा ठेवून बसू नकोस. सहा महिने अपघाताच्या तारखेपासून मोजतात, तेराव्यापासून नव्हे.