राधानगरीहून फ्लॉरेन्स : पायी फिरायला किती लागतात?

कोल्हापूरचे छत्रपती राजाराम महाराज १८७० साली इंग्लंडला गेले. परतीच्या वाटेवर इटलीतल्या फ्लॉरेन्स शहरात आजारी पडले आणि ३० नोव्हेंबरला तिथेच वारले. वय अवघे २०. इटलीत तेव्हा दहनाला मुभा नव्हती. खास परवानगी काढून आर्नो आणि मुन्योने या नद्यांच्या संगमावर त्यांना अग्नी दिला गेला. त्या जागी १८७४ मध्ये छत्री उभी राहिली. तिचा आराखडा मेजर चार्ल्स मँट यांचा. पुढे कोल्हापूरचा नवा राजवाडाही त्यांनीच रेखाटला.

आमच्या राधानगरीतून हल्ली कुणी ना कुणी युरोपला निघालेले असते. कुणाचा मुलगा पुण्यात कमावता झालेला असतो, कुणी शिक्षक म्हणून निवृत्त झालेले असतात. घरी आले की पहिला प्रश्न एकच : किती लागतात? आणि परत आल्यावर फ्लॉरेन्सबद्दल विचारले, तर बऱ्याच जणांना आठवतो तो बसचा थांबा, एक मोठा चौक आणि घाईत काढलेले फोटो. माझ्या घरच्यांनी एका टूर कंपनीबरोबर हे शहर अडीच तासांत उरकले. छत्रीबद्दल विचारले तर ‘कार्यक्रमात नाही’ असे उत्तर मिळाले. तेव्हापासून मी सगळ्यांना एकच सांगतो : गावे कमी करा, हॉटेल साधे घ्या, पण चांगल्या गाईडबरोबर पायी फिरण्याचे पैसे वाचवू नका.

आता हिशेब. एक युरो म्हणजे शंभर रुपये धरा आणि शेवटी वर दहा टक्के ठेवा. दहा दिवसांचा प्रवास, त्यात इटलीत सात रात्री.

मुंबईहून इटलीचे जाऊन-येऊन विमान साधारण ६५ हजार रुपये. तीन-चार महिने आधी काढले तर यात बसते, मे महिन्याच्या सुट्टीत बसेलच असे नाही. शेंगेन व्हिसाचे शुल्क प्रौढांना ९० युरो, सहा ते बारा वर्षांच्या मुलांना ४५, त्याहून लहानांना काही नाही. त्यावर व्हिसा केंद्राचा सेवाआकार आणि प्रवासविमा. विमा किमान ३० हजार युरोंचे संरक्षण देणारा हवा, नाहीतर अर्जच पुढे सरकत नाही. सगळे मिळून माणशी १४ हजार धरा. व्हिसा नाकारला गेला तर शुल्क परत मिळत नाही, म्हणून इथे घाई नको. अर्ज प्रवासाच्या सहा महिने आधीपासून करता येतो आणि उशिरात उशिरा पंधरा दिवस आधी. एवढ्या काठावर जाऊ नका, दोन महिने हाती ठेवा.

शेतकरी कुटुंबांसाठी एक गोष्ट मुद्दाम सांगतो. उत्पन्न उसाचे असेल तर ऊसबिल ज्या खात्यात जमा होते त्याच खात्याचा उतारा जोडा. सातबारा जोडायचा असेल तर त्याचे इंग्रजी भाषांतर करून घ्या. अर्जाच्या आदल्या आठवड्यात कुणाकडून तरी आणलेले दोन लाख खात्यात भरू नका. अशी अचानक आलेली रक्कम तपासणाऱ्याच्या नजरेत पहिली भरते.

मुक्कामासाठी दोघांत एक खोली, साधी पण स्वच्छ, शंभर-एकशेदहा युरोला मिळते. म्हणजे माणशी सात रात्रींचे ३८५ युरो. यावर शहराचा मुक्कामकर असतो. तो बहुतेक वेळा हॉटेलात वेगळा भरावा लागतो आणि बुकिंग करताना कुणाच्या लक्षात येत नाही. सात रात्रींचे ३५ युरो त्यासाठी ठेवा. जेवणाला दिवसाला ३५ युरो पुरतात, आठ दिवसांचे २८०. कॉफी बारपाशी उभे राहून प्यायलात तर सव्वा-दीड युरो, तीच चौकातल्या खुर्चीवर बसून दुप्पट-तिप्पट. बिलात ‘कोपेर्तो’ म्हणून माणशी दोन-तीन युरो लावलेले दिसतील. ती फसवणूक नाही, टेबलावर बसण्याचा तो तिथला रीतसर आकार आहे. घरून भडंग, चटणी, मेतकूट जरूर न्या. मात्र पेढे, बर्फी, तूप नको. दुधाचे आणि मांसाचे पदार्थ बाहेरून युरोपीय संघात नेता येत नाहीत, विमानतळावर काढून घेतात.

गाईडवर मात्र थोडे थांबू. तीन तऱ्हा आहेत. पहिली, ‘मोफत’ म्हणवणारी पायी सहल. शेवटी खुशीने पैसे द्यायचे असतात आणि लोक माणशी दहा-पंधरा युरो देतात. घोळका मोठा, इंग्रजी भरभर, मागे राहणाऱ्याला काही ऐकू येत नाही. दुसरी, तिकीट काढून जायची गटसहल. दोन-तीन तासांचे तीस ते पन्नास युरो, कानात लावायचे यंत्र बहुधा त्यातच. तिसरी, स्वतःसाठी ठरवलेला परवानाधारक गाईड. तीन तासांना दोनशे ते अडीचशे युरो. आकडा ऐकून माणूस दचकतो. पण आठ जण असाल तर माणशी पंचवीस-तीस युरोच पडतात, गटसहलीपेक्षाही कमी. वेग तुमचा, थांबे तुमचे, प्रश्न तुमचे. कुणाची गुडघेदुखी असेल तर सगळे थांबतात. गटात इंग्रजी बरे असलेला एक भाचा किंवा सून असली की तिथल्या तिथे मराठीत सांगता येते. इटलीत गाईडला परवाना लागतो. ठरवण्यापूर्वी तो आहे का हे स्पष्ट विचारा, आणि रक्कम एकूण आहे की माणशी, संग्रहालयाची तिकिटे त्यात आहेत की नाहीत, हे लेखी घ्या.

चांगला गाईड काय देतो, याचे एक उदाहरण. फ्लॉरेन्समध्ये अनाथ बालकांसाठी बांधलेला एक आश्रम आहे. वास्तुकार ब्रुनेलेस्कीने तो १४१९ मध्ये बांधायला घेतला आणि प्रबोधनकाळातल्या वास्तुकलेची सुरुवात त्याच्यापासून मानतात. बाहेरून पाहायला एक पैसा लागत नाही, म्हणून गाईडशिवाय आलेले लोक समोरून चालत निघून जातात. गाईड तुम्हाला ओवरीत उभे करतो आणि खांबाची उंची पाहायला लावतो. जेवढी उंची, तेवढेच दोन खांबांमधले अंतर आणि तेवढीच ओवरीची खोली. मग नजर वर नेतो. कमानींच्या मध्ये निळ्या पार्श्वभूमीवर पांढरी, दुपट्यात गुंडाळलेली बाळे दिसतात, भाजलेल्या मातीची. प्रत्येकाचे हात पसरलेले. एवढे पाहिले की पुढे शहरभर कमानी आणि खिडक्या तुम्ही निराळ्या डोळ्यांनी बघता. त्या पंचवीस-तीस युरोंची किंमत इथे वसूल होते.

म्हणून गाईड तीनदा घ्या, माणशी नव्वद युरोंत : एकदा फ्लॉरेन्सच्या जुन्या पेठेत, एकदा उफीझी संग्रहालयात आणि एकदा बाहेरगावी. बाहेरगाव म्हणून मी पिएन्झा सुचवीन. पोप दुसरे पायस यांनी आपले जन्मगाव १४५९ पासून नव्याने आखून घेतले आणि त्याला स्वतःच्या नावावरून नाव दिले. चर्च, वाडा, विहीर, चौक, सगळे एका आराखड्यात. शाहू महाराजांनी १९०८ साली कन्या राधाबाईंच्या नावाने वसवलेल्या गावात राहणाऱ्याला हे गाव परके वाटणार नाही. मात्र तिथे रेल्वे नाही, सिएनाहून बसने जावे लागते आणि पूर्ण दिवस मोडतो. ते जमणार नसेल तर लुक्का गाठा. फ्लॉरेन्सहून थेट रेल्वे आहे आणि गावाभोवतीच्या तटावरून चार किलोमीटरची फेरी फुकट. स्थानिक रेल्वेचे कागदी तिकीट असेल तर चढण्यापूर्वी फलाटावरच्या यंत्रात त्यावर शिक्का मारून घ्या. विसरलात तर दंड होतो.

तिकिटांना माणशी ८० युरो. उफीझी, मायकेलअँजेलोचा डेव्हिड असलेली अकादेमिया आणि मोठ्या चर्चचा घुमट, ही तीन मोठी तिकिटे. घुमटाला ४६३ पायऱ्या आहेत, लिफ्ट नाही. ज्यांना गडाच्या पायऱ्या जड जातात त्यांनी हे तीस युरो वाचवावेत. चर्च आत जाऊन पाहायला पैसे नाहीत. उफीझी आणि अकादेमिया सोमवारी बंद. महिन्याच्या पहिल्या रविवारी सरकारी संग्रहालये मोफत असतात, पण रांग इतकी लांब की वयस्कांबरोबर मी तो दिवस टाळीन. तिकिटे संग्रहालयाच्या अधिकृत संकेतस्थळावरूनच काढा. दिसायला तशीच, पण मधल्या मध्ये दहा-पंधरा युरो जास्त घेणारी संकेतस्थळे पुष्कळ आहेत. दर दरवर्षी बदलतात, निघण्यापूर्वी पुन्हा पाहा.

रेल्वे, बस, ट्राम मिळून ७० युरो धरले की इटलीतला खर्च ९४० युरो, म्हणजे ९४ हजार रुपये. त्यात विमान, व्हिसा आणि राधानगरी-मुंबई ये-जा पाच हजार घातली की एक लाख ७८ हजार. वरचे दहा टक्के धरून माणशी दोन लाखांच्या आत. पॅकेज घेतलेत तर बिलात जीएसटी आणि टीसीएस दिसेल. टीसीएसची रक्कम आयकर विवरणपत्रात तुमच्या नावावर जमा धरली जाते, तेव्हा पावती जपा. आणि कार्ड वापरताना यंत्राने ‘रुपये की युरो’ विचारले तर दरवेळी युरोच निवडा. रुपये निवडले की दर त्यांचा लागतो आणि तो महागच असतो.

चालण्याचा सराव घरीच करा. दगडी फरसबंदीवर दिवसाला दहा-बारा किलोमीटर होतात. महिनाभर रोज सकाळी गावातून धरणापर्यंत जाऊन या, त्याच बुटांनी जे तिकडे नेणार आहात. आणि निघण्यापूर्वी एक दिवस कोल्हापुरात काढा. टाऊन हॉल आणि नवा राजवाडा पाहा, मँटची कमान डोळ्यांत बसवा. मग खासबागेत जा. १९०२ च्या युरोपवारीत रोमचे प्राचीन क्रीडागार पाहून आल्यावर शाहू महाराजांनी हे कुस्तीचे मैदान बांधून घेतले.

राहिली छत्री. ती कुठल्याच नेहमीच्या सहलीत नसते. गाईडला आधीच सांगितलेत तर तो नेईल, नाहीतर स्वतः जा. कश्शिने नावाचे उद्यान नदीकाठाने साडेतीन किलोमीटर पसरले आहे, छत्री त्याच्या पश्चिम टोकाला. ट्रामने उद्यानापर्यंत जा आणि पुढे झाडांखालून चालत राहा. मंगळवारी गेलात तर वाटेत आठवड्याचा बाजार लागेल. कुणाला विचारायचे तर ‘इंडियानो’ एवढे म्हणा. शेजारच्या मोठ्या पुलालाही तेच नाव आहे. चार खांबांच्या छत्रीखाली पागोटे घातलेला विशीतला आपला राजा दिसेल. तिथे तिकीट नाही, वेळेची अट नाही. ट्रामचे जाऊन-येऊन साडेतीन युरो लागतात, आणि अर्धा दिवस.