आधी अंग बोलतं

पोरी,

शेती खात्यात तुला नोकरी लागली आणि पहिलीच नेमणूक इंदापूर तालुक्यात मिळाली, याचा मला फार आनंद आहे. खतं, औषधं, योजना हे तू शिकून आली आहेस. त्यात मी बोलणार नाही. बारामती आणि इंदापूर या दोन तालुक्यांत मी ग्रामसेवक म्हणून हयात घालवली. ग्रामसेवकाचं निम्मं काम दप्तरात असतं आणि निम्मं माणसांशी बोलण्यात. त्या दुसऱ्या निम्म्यातलं जे हाती लागलं, ते तुला देतो.

सगळ्याच्या मुळाशी एक गोष्ट आहे. माणसाचं अंग तोंडाच्या आधी बोलायला लागतं. बोलायचं आहे, पटलेलं नाही, अजून काही राहिलं आहे, हे आधी मानेत, खांद्यात, हातात, नजरेत येतं आणि शब्द मागून येतो. पुष्कळदा येतच नाही. ज्याला ते आधीचं दिसतं, त्याच्यापाशी लोक पुरतं बोलतात.

शेजारी उभी राहा

शेतकऱ्याशी त्याच्या रानात बोलताना त्याच्या तोंडासमोर उभं राहू नये. बांधावर त्याच्या बाजूला उभी राहा, दोघांची तोंडं पिकाकडे असू देत. समोरासमोर उभं राहिलं की चौकशी सुरू झाल्यासारखं वाटतं, विशेषतः समोरची व्यक्ती सरकारी असेल तर. शेजारी उभं राहिलं की दोघं मिळून एकच गोष्ट बघतात. मग तो पानाकडे बोट करतो, तू वाकतेस, तोही वाकतो आणि बोलणं आपोआप सुरू होतं. घरी गेलीस आणि म्हातारं माणूस खाली बसलेलं असलं, तर खुर्ची आणायला सांगू नकोस. सतरंजीवर बस. तात्या, अण्णा, मावशी जे असतील त्यांची आणि तुझी नजर एका उंचीवर आली पाहिजे.

कामाच्या लयीत प्रश्न विचार

छत्रपती कारखान्याच्या किंवा माळेगावच्या हंगामात उसाच्या फडावर जाशील, तेव्हा आधी नुसती बघ. कोयता चालतो, मोळी बांधली जाते, डोक्यावर चढते, फळीवरून ट्रॉलीत पडते. मोळी डोक्यावर असताना विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर कुणी देऊ शकत नाही, कारण मान, पाय आणि श्वास तिन्ही मोळीला जुंपलेले असतात. मोळी पडते, माणूस वळतो, टॉवेलने तोंड पुसतो, तिथे जागा आहे. धार काढणाऱ्या बाईशी बोलायचं तर तिच्या हाताची लय मोडू देऊ नकोस. ती स्वतः बोलायला लागली तर हळू आवाजात उत्तर दे, पण मान वर करून तुझ्याकडे बघायला लावेल असं काही विचारू नकोस. कामाचा आदर असा वेळ बघण्यात दिसतो.

हुंकार वेळेवर दे

आमच्या लहानपणी गोष्ट सांगणारी आजी हुंकार थांबला की गोष्ट थांबवायची. ते योग्यच होतं. ऐकणाऱ्याचा ‘हं’ हा बोलण्याचा भाग आहे, आणि तो वाक्याच्या वळणावर पडला पाहिजे. बोलणारा एक मुद्दा संपवून श्वास घेतो, तिथे ‘हं’ किंवा ‘बरं, मग?’ द्यावं. वाक्याच्या मधोमध ‘हो, हो, हो’ करत मान भराभर हलवली, तर त्याचा अर्थ ‘आवर आता’ असा होतो. साहेब लोक घाईत असले की नेमकं हेच करतात आणि शेतकरी पहिल्या दोन वाक्यांतच गप्प होतो.

मान हलवण्याचेही प्रकार ओळख. वर-खाली म्हणजे हो. आडवी म्हणजे नाही. पण आपल्याकडे तिसरी एक मान आहे, एका खांद्याकडे किंचित कलणारी. ती कधी ‘चालेल’ सांगते, कधी नुसतं ‘ऐकलं’ सांगते, आणि कधी तुझा मान राखायचा म्हणूनही कलते. ती होकार समजून वहीत लिहू नकोस. लगेच पुढचा साधा प्रश्न विचार: ‘मग ठिबकची नळी कधी पसरायची?’ उत्तरात दिवस आला तर होकार खरा. ‘बघू की’ आलं आणि नजर दुसरीकडे गेली, तर अडचण काय आहे ते शोध.

हात खाली येईपर्यंत थांब

बोलण्याची पाळी कशी बदलते, यावर जगात पुष्कळ अभ्यास झाला आहे. जगातल्या दहा भाषांचा एक अभ्यास २००९ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात मराठी नव्हती, पण त्यातून दिसलं ते आपल्यालाही लागू पडावं असं मला वाटतं. प्रश्न आणि उत्तर यांच्यातलं अंतर साधारण एका सेकंदाच्या पाचव्या हिश्शाएवढं असतं. एवढ्यात नवं वाक्य जुळवणं शक्य नाही. म्हणजे समोरचा कुठे थांबणार, हे ऐकणाऱ्याला आधीच कळत असतं. अ‍ॅडम केंडन या अभ्यासकाने १९६७ मध्ये दाखवून दिलं की, लांब बोलायला सुरुवात करताना माणूस बहुधा नजर दुसरीकडे नेतो आणि बोलणं संपत आलं की ती ऐकणाऱ्याकडे परत आणतो.

हे तुला रोज दिसेल. म्हातारा शेतकरी बोलता बोलता गप्प होतो. नजर दूर रानावर, हात हवेत तसाच धरलेला. नवखा माणूस त्याच क्षणी दुसरा प्रश्न टाकतो आणि राहिलेली गोष्ट कायमची जाते. हात वर आहे तोवर त्याची पाळी संपलेली नाही. हात मांडीवर आला, नजर तुझ्याकडे आली, की तुझी पाळी. शब्द शोधत असेल तर तू शब्द पुरवू नकोस. त्याचा शब्द तुझ्या शब्दापेक्षा नेमका असतो, कारण रान त्याचं आहे.

‘एवढी’ म्हणजे केवढी, ते हातात असतं

मक्यावर लष्करी अळी २०१८ पासून आपल्याकडे आहे. शेतकरी सांगेल, ‘एवढी झालीय बघा,’ आणि अंगठा करंगळीच्या पेरावर ठेवील. ऊस ‘इतका’ म्हणताना हात खांद्याशी जाईल. विहिरीचं पाणी ‘पार असं’ म्हणताना तळहात खाली खाली उतरेल. ‘एवढी’, ‘इतका’, ‘असं’ हे शब्द एकटे काहीच सांगत नाहीत, माप सगळं हातात आहे. त्या क्षणी तू मोबाईलवर अर्ज भरत असशील, तर अळीचं वयच चुकेल आणि मग औषधही चुकेल. म्हणून आधी बघ, मग विचार, आणि त्याचं बोलणं संपल्यावर त्याच्यासमोर लिही. लिहिताना मोठ्याने म्हण, ‘पेराएवढी, पोंग्यात.’ चूक असेल तर तो तिथेच दुरुस्त करील.

स्वतःचे हातही बांधून ठेवू नकोस. जन्मापासून अंध असलेली मुलंसुद्धा बोलताना हातवारे करतात, ऐकणारा अंध असला तरी करतात, हे १९९८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात दिसलं. त्यांनी तर ते कुणाचे बघितलेलेही नसतात. हात हे विचाराबरोबरच चालतात. हाताची घडी घालून शिकवलेली बियाण्याची खोली कुणाच्या लक्षात राहत नाही. बोटाच्या दोन पेरांवर दाखवलेली राहते.

दिशा खरी दाखव

आपल्या इंदापूर तालुक्याच्या उत्तरेला भीमा आणि उजनीचा फुगवटा आहे, दक्षिणेला नीरा, आणि आग्नेयेच्या टोकाला नीरा-नरसिंहपूरला दोघींचा संगम. इथला माणूस घराच्या आत बसला तरी ‘नदी’ म्हणताना हात खऱ्या नदीकडेच नेतो. तू ‘नीरा कालव्याचं पाणी’ म्हणालीस आणि हात उजनीकडे केलास, तर ऐकणारे मनात म्हणतील, हिला शिवार माहीत नाही. ऑस्ट्रेलियातल्या गुगु यिमिथिर लोकांची एक नोंद वाचली होती. एकाने नाव उलटल्याची गोष्ट दोन वर्षांच्या अंतराने दोनदा सांगितली. दोन्ही वेळा तो वेगळ्या दिशेला तोंड करून बसला होता, पण नाव जिकडे उलटली त्याच दिशेला हात फिरला. आपली माणसंही जमिनीशी अशीच बांधलेली आहेत. नव्या गावात गेल्यावर पहिल्यांदा सूर्य, नदी, कालवा आणि देऊळ कुठे आहे ते विचारून घे.

रुमालाखालचा सौदा

जनावरांच्या बाजारात जुने दलाल उपरण्याखाली हात घालून बोटांनी भाव ठरवायचे. तोंडाने बैलाचे दात, चाल, वशिंड यांची चर्चा मोठ्याने चालायची आणि कापडाखाली एकमेकांची बोटं दाबून आकडा पुढे-मागे व्हायचा. भोवती गर्दी असून कुणाला कळायचं नाही. यातून घ्यायचं ते असं: काही आकडे चारचौघांत बोलायचे नसतात. कर्ज किती, थकबाकी किती, मुलीच्या लग्नाला काय लागलं, हे पारावर विचारशील तर खोटं उत्तर मिळेल, आणि ते खोटं बोलायला तूच भाग पाडलेलं असेल. असं काही विचारायचं असेल तर चार पावलं त्याच्याबरोबर चाल. चालताना दोघांची पावलं जुळली की माणूस आपोआप सांगायला लागतो.

सभेत टाळ कुठे वाजतोय ते बघ

तुकोबांची पालखी बारामतीहून काटेवाडीत येते, तिथे मेंढ्यांचं रिंगण होतं. पुढे बेलवाडीला आणि इंदापूरला गोल रिंगण. यंदा तिथे उभी राहून वारकऱ्यांची पावली बघ. टाळ, पाय आणि तोंडातलं नाम एका मात्रेवर पडतं. कुणी हुकूम देत नाही. प्रत्येक जण शेजाऱ्याच्या पावलाकडे लक्ष ठेवून असतो.

ज्ञानोबांच्या सोहळ्यात तर एक रीत आहे, ती प्रत्येक अधिकाऱ्याने शिकावी. मुक्कामाच्या समाजआरतीच्या वेळी चोपदाराने दंड उंचावला की सगळ्या दिंड्यांचे टाळ शांत होतात. ज्या दिंडीची तक्रार असेल, ती टाळ वाजवत राहते. मग चोपदार तिच्यापाशी जातो आणि तक्रार ऐकली जाते.

ग्रामसभेतही असा टाळ वाजत असतो, पण तो अंगात वाजतो. मागच्या रांगेतली बाई पदर सावरते, पुढे सरकते, श्वास भरून घेते आणि शेजारचा पुरुष मोठ्याने बोलला की परत मागे होते. हात उठतो तो खांद्यापर्यंतसुद्धा येत नाही. तू बोलत असशील तर थांब आणि म्हण, ‘मावशी, तुम्ही काहीतरी सांगत होता.’ ग्रामसभेच्या आधी महिला सभा घेण्याचा नियम याचसाठी आहे. तिथे तीच बाई जमिनीवर सगळ्यांबरोबर बसून पाण्याचा, रस्त्याचा, औषधाचा हिशोब पूर्ण मांडते. त्या सभेला वेळेवर जा, टेबल-खुर्ची बाजूला ठेव, गोल बस.

पहिल्या महिन्यात एवढं कर

सगळं एकदम जमणार नाही, जमवायचंही नाही. पहिल्या आठवड्यात फक्त हात बघ: कुणाचा हात हवेत असताना बोलायचं नाही. दुसऱ्या आठवड्यात हुंकार सांभाळ. तिसऱ्या आठवड्यात दिशा पाठ कर. चौथ्या आठवड्यात एका सभेत फक्त मागच्या रांगेकडे लक्ष दे आणि न बोललेल्या एका माणसाला बोलतं कर. रोज संध्याकाळी वहीत एक ओळ लिही: आज कोण बोलता बोलता थांबलं, आणि का. दुसऱ्या दिवशी त्याच माणसाकडे परत जा. तुझ्या योजनांचा खरा लाभार्थी बहुतेक वेळा तोच असेल.

तुझा,
आबा