एकतर्फी निवाडा झाला, आता काय?

फायनल इयर संपत आले की होस्टेलवर जुन्या गाड्यांचा बाजार भरतो. सीनिअरची बाईक ज्युनिअरकडे जाते, पैसे हातात पडतात आणि आरसी बुकावरचे नाव मात्र तसेच राहते. 'करू रे नंतर ट्रान्सफर!' हे वाक्य प्रत्येक विंगमध्ये ऐकू येते.

समजा, त्या ज्युनिअरने एका पादचाऱ्याला धडक दिली. जखमी माणूस मोटार वाहन कायदा, १९८८ च्या कलम १६६ खाली मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात भरपाई मागतो. मालक कोण? नोंदणीत नाव आहे तो! सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली नवीन कुमार विरुद्ध विजय कुमार या खटल्यात हेच स्पष्ट केले. समन्स आरसीवरच्या जुन्या पत्त्यावर जाते. सीनिअर नोकरीसाठी परगावी, घरच्यांनी घर बदललेले. तारखेला कोणी हजर नाही, म्हणून दावा एकतर्फी चालतो. गाडीचा विमा चालू होता, पण तो कागद सीनिअरच्या ट्रंकेत! निवाडा होतो एकट्या सीनिअरवर. कलम १७४ प्रमाणे ही रक्कम जिल्हाधिकाऱ्यांमार्फत जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल होऊ शकते. त्याला सगळे कळते ते वसुलीची नोटीस आल्यावरच.

आता घाबरून उपयोग नाही आणि नोटीस गादीखाली सारून तर मुळीच नाही. मार्ग दोन आहेत.

पहिला मार्ग त्याच न्यायाधिकरणाकडे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ९, नियम १३ प्रमाणे एकतर्फी निवाडा रद्द करण्याचा अर्ज करता येतो. कारण दोहोंपैकी एक लागते: समन्स रीतसर बजावले गेले नाही, किंवा पुरेशा कारणामुळे हजर राहता आले नाही. मुदत ३० दिवस. समन्स मिळाले असेल तर ती निवाड्याच्या तारखेपासून मोजतात. रीतसर बजावणीच झाली नसेल तर निवाडा कळला त्या दिवसापासून. म्हणून नोटीस कधी, कोणाच्या हाती आली याचा पुरावा जपा, पाकीटसुद्धा फेकू नका. उशीर झालाच तर विलंबमाफीचा अर्ज सोबत जोडावा लागतो.

दुसरा मार्ग उच्च न्यायालयात, कलम १७३ खाली अपील. मुदत निवाड्यापासून ९० दिवस. सबळ कारण असेल तर उशीर माफ होऊ शकतो. ज्याच्यावर रक्कम बसली आहे त्याला २५,००० रुपये किंवा निवाड्याच्या ५० टक्के, यांपैकी कमी असेल ती रक्कम आधी भरावी लागते. एक लक्षात ठेवा: अपील मागे घेतले नसेल आणि ते इतर कोणत्याही कारणाने निकाली निघाले, तर पहिला मार्ग बंद होतो. म्हणून कोणता आधी, हे वकिलांशी बोलून ठरवा.

पहिल्या कामाची यादी अशी: निवाड्याची, रोजनाम्याची आणि समन्स बजावणीच्या अहवालाची प्रमाणित नक्कल काढा. बेलिफने काय लिहिले आहे ते बघा. 'घेण्यास नकार' असा शेरा असेल तर नुसते 'मला मिळाले नाही' म्हणून भागत नाही. त्या काळात आपण दुसरीकडे राहत होतो हे नेमणूकपत्र, भाडेकरार अशा कागदांनी दाखवा. बजावणीतल्या किरकोळ त्रुटीवर भिस्त ठेवू नका. तारीख माहीत होती असे दिसले तर अर्ज टिकत नाही. आणि नुसता अर्ज दिल्याने वसुली थांबत नाही, स्थगिती वेगळी मागावी लागते.

अर्ज मंजूर झाला म्हणजे आपण सुटलो असे नव्हे. दावा पुन्हा उभा राहतो, एवढेच. न्यायाधिकरण खर्च किंवा काही रक्कम भरण्याची अटही घालू शकते. पण आता विम्याचा कागद पुढे ठेवता येतो, विमा कंपनीला पक्षकार करण्याची मागणी करता येते, चूक कोणाची आणि अपंगत्व किती यावर उलटतपासणी घेता येते. समोरचा माणूस जखमी आहे, त्याची भरपाई रखडवण्यासाठी हा मार्ग नाही. योग्य रक्कम योग्य खिशातून जावी, यासाठी आहे.

या सगळ्यापेक्षा सोपे काम एकच. राज्यातल्या राज्यात गाडी विकल्यावर विकणाऱ्याने १४ दिवसांत आणि घेणाऱ्याने ३० दिवसांत आरटीओला कळवायचे असते, असे कलम ५० सांगते. तेव्हा सीनिअर मंडळी, सेंड-ऑफच्या आधी आरटीओची एक चक्कर माराच!