परवान्याची मुदत

जाफराबाद हे जालना जिल्ह्याच्या उत्तर भागातील, पूर्णा नदीच्या खोऱ्यात वसलेले तालुक्याचे गाव आहे. जालना जिल्हा १ मे १९८१ रोजी निर्माण झाला. त्यापूर्वी हा प्रदेश औरंगाबाद जिल्ह्यात मोडत असे. येथून जालन्याकडे, भोकरदनकडे आणि शेजारच्या बुलढाणा जिल्ह्यातील चिखलीकडे रस्ते जातात. कापूस व सोयाबीन वाहणाऱ्या मालमोटारी, ट्रॅक्टर, प्रवाशांनी भरलेल्या जीपगाड्या आणि दुचाकी यांची या रस्त्यांवर सतत वर्दळ असते. या प्रत्येक वाहनाच्या चालकापाशी वाहन चालविण्याचा परवाना असणे आवश्यक असते. त्या परवान्यावर चालकाचे नाव व छायाचित्र असते, आणि आणखी एक गोष्ट असते : मुदत संपण्याची तारीख.

ही तारीख कशासाठी? एकदा पोहावयास शिकलेला मनुष्य पोहणे विसरत नाही. मग गाडी चालविण्यास शिकलेल्या मनुष्याने पुन्हा पुन्हा अनुमती का मागावी?

या प्रश्नाचे उत्तर शोधण्यासाठी थोडे मागे जावे लागते. जर्मनीतील कार्ल बेन्झ यांनी मोटारगाडी तयार केली, तेव्हा तिच्या आवाजाने व धुराने लोक त्रस्त झाले. म्हणून १८८८ साली त्यांनी बाडेनच्या शासनाकडून गाडी रस्त्यावर आणण्याची लेखी अनुमती मिळविली. १८९३ साली पॅरिस शहरात चालकाची पात्रता पाहून मगच प्रमाणपत्र देण्याचा नियम झाला. इंग्लंडमध्ये १९०३ च्या कायद्याने परवाना आवश्यक ठरला. परंतु पाच शिलिंग भरले, की तो मिळत असे. चालकाची परीक्षा तेथे सक्तीची झाली ती १९३५ साली. केवळ पैसे घेऊन दिलेला परवाना ही पावतीच होय. रस्त्यावरील माणसांचे रक्षण तिने होत नाही, हे अनुभवाने पटले. भारतात १९१४ व १९३९ साली मोटारवाहनांविषयी कायदे झाले. सध्याचा कायदा १९८८ सालचा असून तो १ जुलै १९८९ पासून अमलात आला. २०१९ साली त्यात महत्त्वाच्या दुरुस्त्या झाल्या.

या कायद्यात परवान्याची मुदत चालकाच्या वयावरून ठरते. खाजगी वाहनाचा चालक तीस वर्षांच्या आतील असेल, तर त्याचा परवाना वयाच्या चाळिसाव्या वर्षापर्यंत चालतो. तीस ते पन्नास या वयात घेतलेला परवाना दहा वर्षे टिकतो. पन्नास ते पंचावन्न या वयात तो साठाव्या वर्षापर्यंतच मिळतो, आणि पंचावन्ननंतर दर पाच वर्षांनी त्याचे नूतनीकरण करावे लागते. माल अथवा प्रवासी यांची भाड्याने वाहतूक करणाऱ्यांस ही मुदत सामान्यतः पाच वर्षांचीच असते. वय वाढते तशी मुदत आखूड होत जाते, कारण हात शिकलेली विद्या विसरत नसले, तरी डोळे व कान पूर्वीसारखे राहत नाहीत.

समजा, जाफराबादच्या बाजारपेठेतून माल नेणारा एक वयस्क मालमोटारचालक आहे. त्याची तीस वर्षे रस्त्यावर गेली आहेत. वळणे, चढउतार, खड्डे सारे त्याला पाठ आहेत. नूतनीकरणासाठी वैद्यकीय प्रमाणपत्र हवे, म्हणून तो डॉक्टरांकडे जातो आणि थोड्या नाराजीनेच म्हणतो, “डॉक्टरसाहेब, हा रस्ता मी डोळे मिटूनही पार करीन. माझी कसली तपासणी करता?”

डॉक्टर हसून म्हणतात, “मामा, रस्ता तुमच्या ओळखीचा आहे, हे खरे. पण त्यावर आज कोणते लेकरू धावत येईल, हे तुम्हांला आधी कसे कळणार? समोर उभ्या असलेल्या गाडीची पाटी वाचा पाहू.”

पाटी पंचवीस मीटरांवर असते. चालक अंक वाचू लागतो, पण तीन आणि आठ यांत त्याची गल्लत होते. मोतीबिंदू हळूहळू वाढत असतो. नजर दररोज इतकी थोडी मंदावते, की ज्याची त्याला ते उमगत नाही.

पंचवीस मीटर हे अंतर वैद्यकीय प्रमाणपत्राच्या नमुन्यातच दिलेले आहे. ताशी साठ किलोमीटर वेगाने जाणारी गाडी एका सेकंदात सुमारे १७ मीटर पुढे जाते. म्हणजे पंचवीस मीटर अंतर ती केवळ दीड सेकंदात ओलांडते. समोरचे मूल पाहणे, ओळखणे आणि ब्रेकवर पाय ठेवणे यांतच त्यातील बराचसा वेळ जातो. नजर मंद असेल, तर उरलेला वेळही हातचा जातो.

तथापि या तपासणीचा हेतू कोणाची भाकरी हिरावून घेण्याचा नाही. चष्मा लावून पाटी स्पष्ट वाचता आली, तरी ते चालते. मोतीबिंदूवर शस्त्रक्रिया होऊ शकते. त्या चालकाचे दोष वेळीच ध्यानात आले, तर तो पुन्हा निर्धास्तपणे आपल्या कामावर जाऊ शकतो.

नूतनीकरणाचा अर्ज मुदत संपण्यापूर्वी एक वर्षापासून करता येतो. ‘सारथी’ या शासकीय संकेतस्थळावर तो भरता येतो. जाफराबादकरांचे परिवहन कार्यालय जालना येथे आहे. चाळीस वर्षांवरील व्यक्तीस, तसेच भाड्याने वाहतूक करणाऱ्या चालकास वैद्यकीय प्रमाणपत्र जोडावे लागते. मुदत संपल्यावर पूर्वी तीस दिवसांची सवलत होती. २०१९ च्या दुरुस्तीने ती राहिली नाही. विलंबाने केलेले नूतनीकरण त्या दिवसापासूनच लागू होते. मधले दिवस परवान्याविनाच राहतात. त्या काळात अपघात घडला, तर विमा कंपनीस जबाबदारी नाकारण्यास आधार मिळतो आणि भरपाईचा भार कुटुंबावर पडू शकतो. मुदत संपून एक वर्षाहून अधिक काळ लोटला, तर वाहन चालविण्याची परीक्षा पुन्हा द्यावी लागते.

रस्ता सर्वांचा असतो. शाळेत जाणारी मुले, बैलगाडी हाकणारा शेतकरी, डोक्यावर ओझे घेतलेली स्त्री हे सारे अनोळखी चालकाच्या भरवशावर रस्ता ओलांडतात. तो भरवसा अनाठायी नाही, एवढे पाहण्यासाठी परवान्यावर तारीख असते. आपल्या परवान्याची तारीख ध्यानात ठेवणारा चालक त्या अनोळखी माणसांचीही काळजी वाहत असतो.

शब्दार्थ
नूतनीकरण : मुदत संपलेली गोष्ट पुन्हा चालू करून घेणे. वर्दळ : ये-जा. अनाठायी : अयोग्य ठिकाणी असलेला. निर्धास्तपणे : न भिता.

स्वाध्याय
१. इंग्लंडमधील १९०३ च्या परवान्यात कोणती उणीव होती?
२. वय वाढते तशी परवान्याची मुदत का कमी होते?
३. ‘हात शिकलेली विद्या विसरत नसले, तरी डोळे व कान पूर्वीसारखे राहत नाहीत’ या वाक्याचा अर्थ स्पष्ट करा.
४. गणित करा : ताशी ४० किलोमीटर वेगाने जाणारी गाडी २५ मीटर अंतर किती सेकंदांत ओलांडील?
५. वाक्यांत उपयोग करा : पाठ असणे, गल्लत होणे, भाकरी हिरावून घेणे.
६. घरातील अथवा शेजारच्या वाहनचालकाच्या परवान्यावरील मुदतीची तारीख पाहा आणि ती त्यांस सांगा.